साबुदाण्याने मोजलेली आफ्रिका

अंध मुलांच्या शाळेत मी एकतीस वर्षं इतिहास-भूगोल शिकवला असं सांगितलं, की समोरचा माणूस आधी थोडा हळहळतो. मग जरा वेळाने हळूच विचारतो, "इतिहास ठीक आहे हो, पण भूगोल कसा शिकवायच्या?"

हा प्रश्न मला शेजारणींनी विचारला, डॉक्टरांनी विचारला, शाळा तपासायला आलेल्या साहेबांनीही विचारला. मी एकच उत्तर देत आले. हाताने.

आमच्या शाळेत नकाशा भिंतीवर नसे. तो टेबलावर आडवा पडलेला असे आणि तो मी बनवलेला असे. हार्डबोर्डचा तुकडा घ्यायचा, त्यावर समुद्रकिनारा जाड सुतळीने चिकटवायचा, देशांच्या सीमा बारीक दोऱ्याने आणि नद्या लोकरीने. वाळवंटाच्या जागी सुतार लाकूड घासायला वापरतात तो पॉलिश पेपर कापून लावायचा. राजधानीला एक मणी. नाव लिहायला जागा नसते, कारण ब्रेलमधलं एक अक्षरच बोटाच्या पेराएवढं असतं. 'ऑस्ट्रेलिया' लिहायला घेतलं तर ते हिंदी महासागरात जाऊन पडतं. म्हणून देशांना आकडे द्यायचे आणि आकड्यांची यादी वेगळ्या कागदावर टोचून ठेवायची.

या कामाचा एक नियम मला कोणी शिकवला नाही, तो मुलांच्या बोटांनी शिकवला. दोन रेषा फार जवळ आल्या की बोटाला त्या एकच वाटतात. त्यामुळे युरोप ही माझी कायमची डोकेदुखी होती. बेल्जियम बोटाला लागावा म्हणून मी त्याला फुगवला, तर शेजारचा नेदरलँड्स म्हणजे नुसती गाठ झाली. लक्झेंबर्गला मी एकतीस वर्षांत एकदाही जागा देऊ शकले नाही.

चुकाही झाल्या. समुद्र मी नेहमी कोरा, गुळगुळीत ठेवत असे. जमीन खरखरीत, पाणी गुळगुळीत. नागपूर चारी बाजूंनी समुद्रापासून लांब, त्यामुळे आमच्या पोरांचा समुद्राशी संबंध माझ्या हार्डबोर्डपुरताच होता. अंकुश नावाचा एक मुलगा होता, आवाजाने खणखणीत, डोक्याने तल्लख. तो एकदा मामाबरोबर अलिबागला लग्नाला जाऊन आला आणि पहिल्याच तासाला उभा राहून म्हणाला, "मॅडम, समुद्र गुळगुळीत नाही. तो ढकलते." वर्गात कोणी हसलं नाही. मी त्याची माफी मागितली, पण समुद्र बदलला नाही. तो खरखरीत केला असता तर जमीन सापडली नसती. अजून मला ते खटकतं.

पण सांगायचं आहे ते अंकुशच्या वर्गातल्या सुकेशनीबद्दल.

सुकेशनी उमरेडकडच्या एका खेड्यातली. तिचे वडील गवंडीकाम करायचे, सगळे त्यांना मिस्त्रीच म्हणत. नागपूरच्या बेसा भागात तेव्हा एकामागून एक इमारती उठत होत्या, त्यामुळे ते कामासाठी कुटुंब घेऊन हुडकेश्वरला भाड्याच्या खोलीत राहायला आले होते. पोरगी जन्मापासून अंध. सहावीत आमच्याकडे आली. पहिल्या आठवड्यात तिने भारताच्या नकाशावर हात फिरवला, सीमेच्या दोऱ्यावर बोट थांबवलं आणि विचारलं, "मॅडम, ही दोरी खऱ्या जमिनीवर पण असते का?"

मी म्हटलं, काही ठिकाणी तारेचं कुंपण असतं, बाकी ठिकाणी काहीच नसतं.

"मंग लोकायले कसं समजते, आपला देश कुठं संपला ते?"

मी तोवर वीसेक वर्षं भूगोल शिकवत होते. हा प्रश्न मला कोणत्याही डोळस मुलाने विचारला नव्हता, माझ्या मनातही कधी आला नव्हता.

आठवीत तिने मला दुसऱ्यांदा पकडलं. शाळेत एक जुना पृथ्वीगोल होता, त्यावर मी सुतळी चिकटवली होती. सुकेशनी एक हात गोलावर आणि एक हात नकाशावर ठेवून बराच वेळ बसली होती. मग म्हणाली, की नकाशावर ग्रीनलँड आफ्रिकेएवढा लागतो आणि गोलावर आफ्रिकेच्या एका कोपऱ्यात मावतो, तर यातलं एक खोटं आहे. मी संत्रं मागवलं. साल शक्यतो अखंड काढली आणि तिला ती टेबलावर सपाट दाबायला लावली. साल फाटली. मग समजावलं, की गोल जग सपाट करताना असंच फाटतं. त्या फटी बुजवायला नकाशावाले वरचा आणि खालचा भाग ताणतात, म्हणून विषुववृत्तापासून जितकं दूर जाल तितके देश नकाशावर मोठे दिसतात. तिने फाटलेल्या सालीवरून पुन्हा बोट फिरवलं आणि नकाशावर विश्वास ठेवायचा नाही, एवढं मनाशी पक्कं केलं. मी केलेल्या नकाशांवरही.

ती नववीत गेली आणि सुदानचे दोन देश झाले. तिच्याकडे लहानसा रेडिओ होता, त्यावर तिने सकाळच्या बातम्यांत ऐकलं. शाळेत आल्या आल्या ती वर्गाऐवजी माझ्या खोलीत आली.

"मॅडम, आपला नकाशा जुना होऊन राहिला. सुदान कापा."

मी म्हटलं, नवी सीमा कुठून जाते ते आधी नीट बघू दे. चार दिवसांनी वर्तमानपत्रातला नकाशा मिळाला. मी तो मोठा करून घेतला आणि दोघींनी मिळून आफ्रिकेवर नवा दोरा चिकटवला. दक्षिण सुदानला मणी लावला, जुबाचा. माझी आफ्रिका चांगली मोठी होती, जवळजवळ दाराच्या फळीएवढी. मिस्त्रींनी बांधकामावर उरलेली पुट्टी आणून तिच्यावर डोंगर करून दिले होते.

दोरा वाळल्यावर सुकेशनीने विचारलं, की आता आफ्रिकेत सगळ्यात मोठा देश कोणता. आतापर्यंत सुदान होता, हे पुस्तकात होतं. त्याचा एवढा तुकडा गेल्यावरही तो मोठाच राहिला का? मी म्हटलं, मला माहीत नाही, नवं पुस्तक आलं की बघू. तिला नवं पुस्तक येईपर्यंत थांबायचं नव्हतं. तिने स्वयंपाकाच्या मावशींकडून साबुदाणा मागून आणला. सुदानच्या दोऱ्याच्या आत एकाला एक लागून दाण्यांचा एकच थर पसरला, तो वाटीत काढला. मग अल्जेरियात तसाच पसरला आणि दुसऱ्या वाटीत काढला. अंकुश मदतीला होता. दोघांचा अख्खा शनिवार गेला आणि मावशींनी माझ्याकडे तक्रार केली. अल्जेरियाची वाटी मूठभर जास्त भरली.

मला मात्र शंका होती. अल्जेरिया सुदानपेक्षा उत्तरेला आहे. माझी आफ्रिका बाजारातल्या छापील जगाच्या नकाशावरूनच मोठी केलेली होती, म्हणजे तो वर ताणलेला असणार. मूठभर साबुदाणा त्या ताणामुळेही जास्त भरला असेल. पोरीचा हिरमोड नको म्हणून मी हे तिला सांगितलं नाही आणि नंतर कामाच्या धबडग्यात ते तपासायचंही राहून गेलं.

त्या हिवाळ्यात शहरातल्या सदर भागात एका संस्थेने शाळांची सामान्यज्ञान स्पर्धा ठेवली. जगाचा इतिहास, देश, राजधान्या. प्रत्येक शाळेची दोन मुलं. मी सुकेशनी आणि अंकुशची नावं दिली. संयोजकांचा फोन आला. बोलायला अत्यंत सज्जन. म्हणाले, शेवटची फेरी नकाशाची आहे, पडद्यावर देश दाखवायचा असतो. तुमच्या मुलांना त्या फेरीत त्रास नको, आम्ही त्यांना बाकीच्या संघांच्या गुणांची सरासरी देऊ. मला ते बरं वाटलं. मी सुकेशनीला सांगितलं.

ती म्हणाली, "सरासरी काहून? दुसऱ्यायच्या चुका आमच्या नावावर काहून घ्यायच्या?"

मी संयोजकांना परत फोन केला. आमची मुलं आमच्या नकाशावर उत्तर देतील, हवं तर तुमचे परीक्षक नकाशा आधी तपासून घेतील, असं सांगितलं. ते तयार झाले.

स्पर्धेच्या दिवशी मिस्त्रींनी कामावरून सुट्टी घेतली. आफ्रिका, आशिया आणि दोन्ही अमेरिका त्यांनीच चादरीत गुंडाळून रिक्षातून आणल्या. सभागृह मुलांनी आणि पालकांनी भरलेलं होतं. प्रश्न विचारायला भूगोलाचे एक निवृत्त प्राध्यापक होते. पांढरे केस, शब्द न् शब्द स्वच्छ, सगळे त्यांना सर म्हणत होते. पहिल्या दोन फेऱ्यांत आमची मुलं मधल्या क्रमांकावर राहिली. अंकुशने पनामा कालव्याचं उत्तर प्रश्न पुरा व्हायच्या आधीच दिलं. मग नकाशाची फेरी आली आणि आमच्या वाट्याला प्रश्न आला: आफ्रिका खंडातला क्षेत्रफळाने सर्वांत मोठा देश दाखवा.

सुकेशनीचा हात नकाशावर वर सरकला आणि अल्जेरियावर थांबला.

सर म्हणाले, उत्तर चूक आहे, प्रश्न पुढच्या संघाकडे. पुढचा संघ एका मोठ्या शाळेचा होता. त्यांच्या मुलाने पडद्यावर सुदान दाखवला. त्या पडद्यावर सुदान अजून एकच होता. टाळ्या वाजल्या.

टाळ्या थांबेपर्यंत सुकेशनी उभी राहिली होती. ती म्हणाली, की सुदानचे दोन देश झाले, आता अल्जेरिया मोठा आहे. सरांनी शांतपणे विचारलं, हे तू कुठे वाचलंस?

"वाचलं नाही. मोजलं."

"कशाने मोजलंस, बाळ?"

"साबुदाण्यानं."

सगळं सभागृह हसलं. दुष्टपणाने नाही, पण हसलं. सरसुद्धा हसले आणि म्हणाले, उत्तरपत्रिकेत आहे तेच अंतिम. माझ्या शेजारी बसलेले मिस्त्री माझ्याकडे झुकले आणि हळू आवाजात म्हणाले, "मॅडम, पोरगी खरं बोलून राहिली का?"

मी म्हटलं, "माहीत नाही."

आणि मी बसून राहिले. शिक्षकांनी मध्ये बोलू नये असा नियम होता, पण खरं कारण ते नव्हतं. मला खात्री नव्हती. भर सभेत उठून उभी राहिले आणि मीच चुकले तर, या भीतीने मी बसून राहिले. सुकेशनी एकटीच उभी होती. थोड्या वेळाने अंकुशने हात धरून तिला खाली बसवलं.

आम्ही पाचवे आलो. परतीच्या बसमध्ये ती माझ्या शेजारी होती. मग तिने विचारलं, "मॅडम, तुम्ही तेव्हा हॉलमध्येच होत्या ना?"

"होते."

"मले वाटलं बाहेर गेल्या. आवाज नाही आला तुमचा."

डोळस मुलाने मला तिथे बसलेलं पाहिलं असतं. तिच्यासाठी मी त्या सभागृहात नव्हतेच. नोकरीत अनेकदा बोलणी खाल्ली, पण या दोन वाक्यांइतकं मला काहीच लागलं नाही.

त्या संध्याकाळी मी भाच्याच्या घरी जाऊन त्याच्या संगणकावर बसले. पाच मिनिटांचं काम होतं. सुदानच्या जुन्या क्षेत्रफळातून दक्षिण सुदान वजा केला, तर अल्जेरिया मोठा, आणि तोही चांगलाच मोठा. जे काम मी जुलैत करायला हवं होतं, ते डिसेंबरात केलं. दुसऱ्या दिवशी प्रार्थनेनंतर सगळ्या शाळेसमोर सांगितलं, की सुकेशनी बरोबर होती आणि मी तपासलं नव्हतं. मग संस्थेला पत्र लिहिलं, सोबत आकडे जोडले.

उत्तर फोनवर आलं. संस्थेला मुलीचं कौतुक होतं, तिला विशेष प्रोत्साहन पारितोषिक द्यायचं ठरलं होतं. मी सुकेशनीला विचारलं. तिने मान हलवली. प्रोत्साहन नको, गुण पाहिजे, म्हणाली. मी फोनवर तसंच सांगितलं. मग त्यांनी आम्हाला कार्यालयात बोलावलं.

सदरमधल्या एका इमारतीत दुसऱ्या मजल्यावर ते कार्यालय होतं. मी, सुकेशनी आणि मिस्त्री. समोर संयोजक आणि प्रश्न विचारणारे सर. या खेपेला मी आधी बोलले, पहिल्या वाक्यापासून बोलले. सरांनी पत्र वाचलेलं होतं. आकडे त्यांना मान्य होते. पण त्यांचं म्हणणं होतं, की प्रश्न मे महिन्यात काढला, तेव्हा उत्तर बरोबर होतं, आता मागे जाऊन निकाल बदलायचा म्हटलं तर कोणतीच स्पर्धा पुरी व्हायची नाही. सुकेशनी म्हणाली, काढला मे महिन्यात, पण विचारला डिसेंबरात. संयोजकांनी कागद पुढे ओढून हिशेब केला आणि समजुतीच्या सुरात सांगितलं, की गुण दिला तरी तुम्ही पाचव्याचे चौथे व्हाल, चौथ्याला बक्षीस नाही. मग एवढा आटापिटा कशासाठी?

सुकेशनीने खुर्चीतून आवाजाच्या दिशेने तोंड वळवलं.

"नंबरासाठी नाही आलो आम्ही. त्या दिवशी हॉलमधली सगळी पोरं सुदान मोठा आहे म्हणून घरी गेली. त्यायले कोण सांगन?"

सरांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. मला वाटलं, आता रागावतील. ते म्हणाले, "साबुदाणा कोणता घेतला होतास? मोठा की बारीक?"

"बारीक. मोठ्यानं कोपरे नाही भरत."

"बरोबर," ते म्हणाले, आणि संयोजकांकडून कोरा कागद मागून घेतला.

जिना उतरताना मी तिचा हात धरला होता. तिथे मी तिला सांगून टाकलं, की त्या दिवशी मला खात्री नव्हती म्हणून मी बोलले नाही. ती दोन पायऱ्या उतरली आणि थांबली.

"मलेही नव्हती, मॅडम. मूठभराचा तं फरक होता. पण बोललो नसतो तर कोणी पाहून तरी घेतलं असतं का?"

मिस्त्री मागून येत होते. त्यांनी नाक शिंकरल्याचा आवाज आला.

सरांचं पत्र स्पर्धेतल्या सगळ्या शाळांना गेलं. आमच्याही शाळेत आलं. प्रश्न, चुकीचं ठरवलेलं उत्तर, बरोबर उत्तर, आणि 'ही चूक इयत्ता नववीच्या एका विद्यार्थिनीने निदर्शनास आणली' एवढं वाक्य. नाव नव्हतं, याचा मला राग आला. सुकेशनीला नाही आला.

पुढच्या वर्षी ती दहावीला बसली. आमच्या मुलांना परीक्षेत नकाशाच्या प्रश्नाऐवजी दुसरा लेखी प्रश्न देतात. सवलत म्हणून देतात, चांगल्या मनाने देतात. सुकेशनीने विचारलं, मला नकाशा येतो, तर सवलत काहून? मी परीक्षा मंडळाच्या कार्यालयाला अर्ज केला, की मागणाऱ्या मुलांना तरी हाताने वाचायचा नकाशा द्यावा. उत्तर आलं नाही. तिने लेखी प्रश्न लिहिला, चांगले गुण मिळवले, आणि निकालाच्या दिवशी मला म्हणाली, की अर्ज पुढच्या वर्षीही करा, लहान पोरं आहेत. मी निवृत्त होईपर्यंत दर वर्षी अर्ज केला. निवृत्त झाल्यावर शाळेचा शिक्का उरला नाही, तेव्हा साध्या कागदावर करायला लागले. सुकेशनी आता एका बँकेत आहे. अर्जासाठी दर वर्षी अर्धा दिवस रजा काढते आणि माझ्या सहीखाली आपली सही करते.

यंदा ती म्हणाली, की कागद वाचून त्यांना कळत नसेल, तर नकाशाच पाठवू. आम्ही खोक्यात मावेल अशी नवी, लहान आफ्रिका केली. सुतळी मी लावली. मिस्त्रींचे हात आता थरथरतात, तरी पुट्टीचे डोंगर त्यांनीच केले. गेल्या आठवड्यात आम्ही दोघी ती खोक्यात घालून टपाल कार्यालयात घेऊन गेलो. खिडकीतल्या माणसाने खोकं वर-खाली करून पाहिलं आणि विचारलं, यात काय आहे?

"आफ्रिका," सुकेशनी म्हणाली.

त्याने माझ्याकडे पाहिलं. मी मान डोलावली. मग त्याने विचारलं, काच वगैरे नाही ना?

"नाही जी," ती म्हणाली. "पण वरून दाबू नका. किलिमांजारो तुटते."